गंड : गळ्यातला आणि मनातला

जुन्या ग्रंथातल्या 'गलगंड' या शब्दाचा 'थायरॉइडचा दाह' असा अर्थ सर्रास लावला जातो. आम्हांला ही घाई खटकते. संस्कृतात 'गंड' म्हणजे गाल, तसाच फोड किंवा गाठही. गळ्याच्या बाजूला एकच गंड असेल तर गलगंड, अनेक असतील तर गंडमाळा, असा भेद चरकसंहिता करते. हा भेद डोळ्यांना दिसणाऱ्या रूपाचा आहे, कारणाचा नव्हे. आज अवटुग्रंथीच्या दाहात गणल्या जाणाऱ्या विकाराचे वर्णन हाकारू हाशिमोतो यांनी केले ते १९१२ साली. आयोडीनच्या अभावाने येणारा गलगंड तर दाहच नव्हे.

मराठीने पुढे हीच गाठ मनात नेली : न्यूनगंड, अहंगंड. शब्द असा वाढतो. पण आजचे निदान जुन्या शब्दावर लादले, की पोथीतला रोगी आपल्याला दिसेनासा होतो.