धन, ऋण आणि दुधाची चिठ्ठी

मागच्या हिवाळ्यात आपल्या सेलू भागातल्या एका केंद्रावरून गटातल्या एका ताईंचं म्हशीचं दूध परत आलं. चिठ्ठीवर गोठणबिंदू होता उणे ०.५५ अंश. मापणारा म्हणाला, "उणे ०.५४ पाहिजे. तुमचा आकडा वाढला, म्हणजे पाणी आहे." ताई काही न बोलता घरी आल्या. तीस वर्षांत दुधात थेंबभर पाणी न घातलेली बाई ती!

ही उण्याची भानगड समजून घ्यायला फार मागं जावं लागतं. इ.स. ६२८ मध्ये भिल्लमाळच्या ब्रह्मगुप्तांनी उणे संख्यांचे नियम लिहिले. त्यांनी शब्द वापरले धन आणि ऋण, म्हणजे जवळची पुंजी आणि डोक्यावरचं कर्ज. कर्जात कर्ज मिळवलं तर कर्जच वाढतं, हे आपल्या बचत गटाच्या वहीतही दिसतं. पुढं १२व्या शतकात भास्कराचार्य ऋण संख्येच्या डोक्यावर टिंब देत. त्यांच्या घराण्याची माहिती चाळीसगावजवळच्या पाटण्याच्या शिलालेखात आहे. युरोपातले पंडित मात्र त्यानंतरही कितीतरी वर्षं अशा संख्यांना खोट्या म्हणत होते.

अंशाचं माप तिकडून आलं. १७४२ मध्ये स्वीडनच्या सेल्सिअस यांनी उकळत्या पाण्याला ० आणि गोठत्या पाण्याला १०० धरलं होतं! लवकरच ते उलटं केलं गेलं. तेव्हापासून पाणी गोठतं ते शून्यावर, आणि त्याखाली ऋण. दशांश तर आपल्या घरात १ एप्रिल १९५७ ला आला. सोळा आण्यांचा रुपया शंभर नव्या पैशांचा झाला.

आता चिठ्ठी वाचू. दुधात साखर आणि क्षार विरघळलेले असतात, म्हणून ते शून्याच्या थोडं खाली, उणे ०.५४ च्या आसपास गोठतं. पाणी घातलं की आकडा शून्याकडं सरकतो. समजा, उणे ०.४५ आला. ५४ पैशांचं कर्ज ४५ वर आलं, फरक ९ पैशांचा. ५४ मध्ये ९ सहा वेळा बसतात, म्हणजे त्या सहा लिटरांत साधारण एक लिटर पाणी.

ताईंचा आकडा होता उणे ०.५५. ५५ पैशांचं कर्ज ५४ पेक्षा मोठं, म्हणजे आकडा शून्यापासून आणखी लांब. पाणी असतं तर तो जवळ आला असता.

दुसऱ्या दिवशी आम्ही दोघी चिठ्ठी घेऊन गेलो. भांडलो नाही. केंद्राच्या भिंतीवर खडूनं एक उभी रेघ काढली, वर शून्य लिहिलं, खाली ०.५४ आणि त्याच्याही खाली ०.५५. मापणाऱ्यानं रेघेकडं पाहिलं आणि दूध घेतलं.

फॅट आणि एसएनएफचे आकडे आपण बघतोच. आता उण्याचा आकडाही बघा, आणि चिठ्ठी मागून घेतल्याशिवाय केंद्रावरून निघू नका.