मत मिळाले, आसन नाकारले

श्रोतेहो, मत हाती आले म्हणजे सत्तेत वाटा मिळालाच, असा आपला समज असतो. अमेरिकेतील जॉर्जिया राज्याची हकीकत याबाबतीत ऐकण्याजोगी आहे.

हेन्री मॅक्नील टर्नर १८३४ साली दक्षिण कॅरोलिनात जन्मले. आईबाप गुलाम नव्हते, तरी कृष्णवर्णीयांच्या शिक्षणाला तेथील कायदा आडवा येई. वकिलांच्या कचेरीत झाडलोट करीत ते शिकले. पुढे मेथडिस्ट पंथाचे उपदेशक झाले, यादवी युद्धात कृष्णवर्णीय पलटणीचे धर्मगुरू झाले आणि १८६८ साली जॉर्जियाच्या विधानसभेवर निवडून आले.

त्याच सप्टेंबरात गोऱ्या बहुमताने कृष्णवर्णीय सभासदांना बाहेर काढले. युक्तिवाद काय, तर घटनेने त्यांना मत दिले आहे, पद नव्हे! ३ सप्टेंबर रोजी टर्नर बोलावयास उठले. आपण हक्क मागतो आहोत, दया नव्हे, असे त्यांनी सभागृहास बजावले. काही दिवसांतच कॅमिला गावी सभेस निघालेल्या कृष्णवर्णीयांवर गोळीबार होऊन माणसे मेली. १८६९ साली राज्याच्या सर्वोच्च न्यायालयाने पदाचा हक्क मान्य केला. १८७० मध्ये केंद्र सरकारच्या हस्तक्षेपाने सभासद परतले.

जोतीराव फुल्यांनी १८७३ साली ‘गुलामगिरी’ ग्रंथ अमेरिकेतील सज्जनांना अर्पण केला, तो हाच काळ. पण पुढे जॉर्जियात मतही हिरावले गेले. १९६२ साली लेरॉय जॉन्सन निवडून येईपर्यंत अर्धशतकाहून अधिक काळ त्या विधिमंडळात एकही कृष्णवर्णीय नव्हता.

कोलशेतच्या कामगारांना हे नवे नाही. करारावर सही झाल्यावरही युनियन जागी ठेवावीच लागते.