तगर : वसाहतीविना जुळलेले नाते

फिनिशियन व्यापाऱ्यांनी भूमध्य समुद्राकाठी कार्थेजसारख्या वसाहती वसवल्या. वाशी ज्या धाराशिव जिल्ह्यात आहे, तेथील तेरने, म्हणजे प्राचीन तगराने, पाश्चात्त्य जगाशी नाते जोडले ते कापडाच्या बळावर. इसवी सनाच्या पहिल्या शतकातील ‘पेरिप्लस’ या ग्रीक ग्रंथानुसार तगर पैठणच्या पूर्वेस १० दिवसांच्या वाटेवर होते. तेथील साधे कापड व मलमल गाड्यांतून, बिकट मार्गाने भडोचच्या बंदरात जाई.

रोमन नाण्यांची तेरला मातीत नक्कल झाली, तीही गळ्यात घालण्यासाठी! परक्या सम्राटाची मुद्रा येथे निव्वळ दागिना ठरली.

उलट, तेरच्या हस्तिदंती स्त्रीमूर्तीशी निकटचे साम्य असलेली मूर्ती इटलीतील पॉम्पेईत, इ. स. ७९ च्या ज्वालामुखीने गाडलेल्या घरात मिळाली. तिला ‘पॉम्पेईची लक्ष्मी’ म्हणतात. ती यक्षी असणे अधिक संभवनीय. तेरची मूर्ती गावातल्याच लामतुरे संग्रहालयात आहे.