√(अ²) म्हणजे अ नव्हे! केवलमूल्य, वर्ग आणि तुमचा एक टॅप

फोनवर बटण दाबताना बोट अगदी स्थिर राहत नाही, थोडंसं इकडेतिकडे सरकतंच. मग तुम्ही टॅप केलंय की स्क्रोल, हे फोनला कसं कळतं? त्यामागचं गणित शाळेतलंच आहे: केवलमूल्य आणि वर्ग.

दोघांमधलं नातं

अ ही वास्तव संख्या शून्य किंवा धन असेल तर |अ| = अ, आणि ऋण असेल तर |अ| = −अ. म्हणजे |५| = ५ आणि |−५| सुद्धा ५. सोप्या भाषेत, केवलमूल्य म्हणजे संख्येचं शून्यापासूनचं अंतर. दिशा कोणतीही असो.

वर्ग केला तरी चिन्ह जातं: ५² = २५, (−५)² = २५. पण इथे संख्येचा आकारही बदलतो. तो परत आणायला वर्गमूळ घ्यायचं. √ हे चिन्ह कधीच ऋण उत्तर देत नाही, म्हणून नियम असा:

√(अ²) = |अ|

बरेच जण √(अ²) = अ असं लिहून मोकळे होतात. इंजिनिअरिंगला असताना मीही लिहायचो. अ = −५ ठेवून बघा: डावीकडे ५, उजवीकडे −५. चूक लगेच दिसते.

तुलना करताना

शून्य किंवा धन संख्यांमध्ये जी मोठी, तिचा वर्गही मोठा. म्हणून |अ| < |ब| आणि अ² < ब² या दोन्हींचा अर्थ एकच. पण बार काढून टाकले की गडबड होते: −७ < ३ हे बरोबर आहे, तरी वर्ग ४९ आणि ९ आहेत.

तसंच अ² ≤ ६४ म्हणजे |अ| ≤ ८, म्हणजेच −८ ≤ अ ≤ ८. नुसतं 'अ ≤ ८' लिहिलं तर अर्धं उत्तर हरवतं.

आता फोनकडे

बोट किती सरकलं तरी टॅपच मानायचा, याची मूळ अँड्रॉइडमधली मर्यादा ८ डीपी आहे. हा प्रोफाइल फोटोवाला डीपी नाही बरं का! हे स्क्रीनवरचं अंतर मोजायचं एकक आहे. १६० डीपी म्हणजे साधारण १ इंच.

समजा बोट डावीकडे ५० डीपी सरकलं, म्हणजे अ = −५०. कोडमध्ये कुणी नुसतं 'अ ≤ ८ असेल तर टॅप' असं लिहिलं, तर −५० ही संख्या ८ पेक्षा लहान असल्यामुळे अट पूर्ण होते. तुम्ही डावीकडे स्वाइप करता आणि अ‍ॅप बटण दाबतं. ते बटण 'पैसे पाठवा' असेल तर?

बोट आडवं आ आणि उभं उ इतकं सरकलं, तर एकूण अंतर √(आ² + उ²). अंतर आणि मर्यादा दोन्ही ऋण नसतात, त्यामुळे थेट वर्गांची तुलना चालते: आ² + उ² ≤ ६४. अँड्रॉइडचा जेस्चर डिटेक्टर हेच करतो. मर्यादेचा वर्ग आधीच काढून ठेवतो, त्यामुळे दर वेळी वर्गमूळ काढायची गरजच पडत नाही.

बोट ५ आणि ६ सरकलं तर २५ + ३६ = ६१, म्हणजे टॅप. ६ आणि ६ सरकलं तर ७२, म्हणजे स्क्रोल.

कोड लिहिणाऱ्यांसाठी

वर्ग फार झपाट्याने वाढतो. ३२ बिटच्या चिन्हासहित पूर्णांकात जास्तीत जास्त २,१४,७४,८३,६४७ मावतात. ४६,३४० चा वर्ग त्यात बसतो, ४६,३४१ चा बसत नाही. जावामध्ये तर असा वर्ग चक्क ऋण येतो! गणितात वर्ग कधीच ऋण नसतो, पण फोनच्या मेमरीला मर्यादा असते. म्हणून आकडे मोठे असतील तर ६४ बिटचा प्रकार वापरा, आणि संख्या एकच असेल तर सरळ केवलमूल्य घ्या.