बालेवाडीच्या बाकावर

५ ऑक्टोबर २०१५, सोमवार. संध्याकाळचे पावणेसात. महामार्गालगत गाडी कुठेतरी कशीबशी लावून तुम्ही बालेवाडीच्या शिवछत्रपती क्रीडासंकुलात शिरता. ऑक्टोबरचा उकाडा अजून सिमेंटच्या पायऱ्यांत साठलेला आहे, बसल्या बसल्या पँटमधून चटका लागतो. आजूबाजूला नारिंगी टी-शर्ट घातलेली कॉलेजची पोरं. विसर्जन होऊन जेमतेम आठवडा झालाय, त्यामुळे कुणी ढोलावर टिपरू टाकलं की सगळा स्टँड आपोआप ठेका धरतो. एफसी पुणे सिटीचा इंडियन सुपर लीगमधला दुसरा मोसम सुरू होतोय, आणि समोर मुंबई आहे. पुणेकराला आणखी काय हवं?

मैदान दिसतंच आहे, पण तुम्ही आज बाकाकडे बघा. तिथे रेषेजवळ हाताची घडी घालून एक इंग्रज उभा आहे, वय ४९. डेव्हिड प्लॅट, पुण्याचा प्रशिक्षक. पलीकडच्या बाकावर मुंबईचा खेळाडू-प्रशिक्षक निकोलस अनेल्का. १९९८ मध्ये आर्सेनलने लीग आणि एफए कप एकाच मोसमात जिंकला, तेव्हा हे दोघे एकाच ड्रेसिंग रूममध्ये कपडे बदलत होते. आज ते बालेवाडीत एकमेकांविरुद्ध उभे आहेत. पुण्याचा तुनचाय शानली गोल करतो, स्टँड उभा राहतो, आणि पुणे सामना ३-१ असा जिंकतं. तुमच्या शेजारचा पोरगा ओरडून सांगतो, यंदा आपलाच कप! त्याला काही सांगू नका. त्यापेक्षा या प्रशिक्षकाचा माग काढत थोडे मागे चला.

२६ जून १९९०. इटलीतलं बोलोन्या, विश्वचषकाची बाद फेरी, इंग्लंड विरुद्ध बेल्जियम. ज्यादा वेळही संपत आलाय, ११९वं मिनिट आहे, आणि सगळ्यांनी मनातल्या मनात पेनल्टी मारणाऱ्यांची यादी करायला घेतली आहे. उत्तरार्धात बदली म्हणून उतरलेला २४ वर्षांचा प्लॅट पेनल्टी बॉक्सच्या कडेला आहे. त्याचा सहकारी गॅस्कॉइन फ्री-किक उचलून आत टाकतो. चेंडू प्लॅटच्या पाठीमागून, खांद्यावरून खाली येतोय. तो चेंडूवर नजर ठेवून अंगाला पीळ देत वळतो आणि चेंडू जमिनीला लागायच्या आत उजव्या पायाने गोलात मारतो. इंग्लंडसाठी हा त्याचा पहिलाच गोल. पाच वर्षांपूर्वी मँचेस्टर युनायटेडने याला पहिल्या संघात एकदाही न खेळवता सोडून दिलं होतं, आणि तो चौथ्या विभागातल्या क्रू अलेक्झांड्राकडे जाऊन पुन्हा पहिल्या पायरीपासून उभा राहिला होता. मधल्या फळीतून उशिरा, कुणाच्या लक्षात न येता बॉक्समध्ये पोचायचं, हीच त्याची खरी कला. इंग्लंडसाठी त्याने एकूण ६२ सामन्यांत २७ गोल केले, ते बरेचसे याच कलेवर.

आता आठ दिवस पुढे या. ४ जुलै, तुरिन, उपांत्य सामना, समोर पश्चिम जर्मनी. १-१ अशी बरोबरी, मग पेनल्टी. प्लॅट आपली पेनल्टी नीट गोलात घालतो, पण इंग्लंड हरतं. पलीकडे जर्मनीचा कर्णधार लोथार माथेउस, तोही मधल्या फळीचा आणि त्याच वर्षीचा युरोपातला सर्वोत्तम खेळाडू. चार दिवसांनी तो विश्वचषक उचलणार आहे. या दोघांना एकाच मैदानावर नीट पाहून घ्या, कारण पुढे दोघेही प्रशिक्षक होणार आहेत. माथेउसने बेलग्रेडच्या पार्टिझानला २००३ मध्ये सर्बिया आणि माँटेनेग्रोचं विजेतेपद मिळवून दिलं, हंगेरी आणि बल्गेरियाचे राष्ट्रीय संघ सांभाळले, व्हिएन्ना, ब्राझील, इस्राएल असा फिरत राहिला. पण जर्मनीतल्या एकाही बुंडेसलिगा क्लबने त्याला कधी मुख्य प्रशिक्षक केलं नाही. मैदानावर सगळ्यांच्या आधी जागा ओळखणारी नजर दुसऱ्याला कशी शिकवायची, हे वेगळंच काम आहे. ते मोठ्या नावाने येत नाही. ते चुका करत, वेळ घेत येतं.

प्लॅटच्या वाट्याला तो वेळ कधी आला? डिसेंबर १९९८ मध्ये जेनोवाला जाऊन बघा. बारी, युव्हेंटस आणि सॅम्पदोरिया या तीन इटालियन क्लबांकडून तो खेळलाय, सॅम्पदोरियासोबत १९९४ चा इटालियन कप जिंकलाय. आता जेनोवाचा तोच सॅम्पदोरिया तळाला गटांगळ्या खातोय आणि ३२ वर्षांच्या प्लॅटला प्रशिक्षक म्हणून बोलावलंय. त्याच्याकडे इटलीत लागणारा परवाना नाही. तिथल्या प्रशिक्षकांच्या संघटनेने आक्षेप घेतलाय, त्यामुळे कागदोपत्री नाव दुसऱ्याचं. दोन महिन्यांच्या आत तो राजीनामा देतो. मोसमाअखेर सॅम्पदोरिया खालच्या विभागात घसरतो. त्यानंतर नॉटिंगहॅम फॉरेस्ट. तिथे दोन वर्षं मिळतात, पण तो इटलीहून उतरत्या काळातले अनुभवी खेळाडू आणतो आणि संघ वर चढत नाही. सर्वात मोठं यश त्याला मिळालं ते दुसऱ्याचा सहायक म्हणून. १३ मे २०१२ रोजी मँचेस्टर सिटीने शेवटच्या क्षणी लीग जिंकली, तेव्हा तो रॉबर्टो मॅन्चिनीच्या शेजारी होता. सॅम्पदोरियातला जुना सवंगडी, आणि बांधणीला मिळालेली काही वर्षं. या दोन्ही गोष्टी माझ्या मते महत्त्वाच्या आहेत.

आता पुन्हा पुण्यात, २०१५ च्या नोव्हेंबरात या. पहिल्या संध्याकाळचा आवाज ओसरलाय. संघात ३६ वर्षांचा एड्रियन मुटू, ३४ चा दिदिए झोकोरा, ३३ चा तुनचाय अशी मोठी नावं आहेत, आणि लिलावात १ कोटी ५ लाखांना घेतलेला मेघालयचा युजीनसन लिंगडोह आहे. नियमाप्रमाणे मैदानावर सहा परदेशी आणि पाच भारतीय. पाच-सहा देशांतल्या सवयी, आणि दोन महिन्यांत १४ सामने. दर चार-पाच दिवसांनी सामना, मध्ये विमानप्रवास, मग थकलेले पाय मोकळे करायचा एक हलका सराव. या घाईत मधल्या फळीला खेळाची लय लावणार कधी? आठ संघांत पुणे सातवं आलं, १५ गुणांवर. पुढच्या मोसमाला बाकावर दुसराच माणूस होता.

मला या गोष्टीत प्लॅटपेक्षा पुण्याचं वाईट वाटतं. कारण हे शहर याच मैदानावर याआधी वेगळं काही पाहून बसलं होतं. त्यासाठी मे २०१३ मध्ये जा. त्याच पायऱ्या, पण नारिंगी रंग नाही, तारे-तारका नाहीत, कॅमेरे थोडे. २००७ मध्ये स्थापन झालेला पुणे एफसी हा क्लब आय-लीगमध्ये, म्हणजे तेव्हाच्या देशातल्या सर्वोच्च लीगमध्ये, चर्चिल ब्रदर्सच्या पाठोपाठ दुसरा आलाय, २६ सामन्यांनंतर अवघ्या ३ गुणांनी मागे. बाकावर गोव्याचे डेरिक परेरा. त्यांना इथे सलग काही मोसम मिळालेत, आणि क्लबने स्वतःची अकादमी उभी केली आहे. मधल्या फळीत अरता इझुमी आहे. जन्म जपानचा, वडील भारतीय. २००६ मध्ये भारतात आला, २००९ पासून पुण्यात खेळतोय. २०१२ मध्ये त्याने जपानचं नागरिकत्व सोडून भारताचं घेतलं, आणि फेब्रुवारी २०१३ मध्ये कोचीला पॅलेस्टाइनविरुद्ध भारताचा शर्ट घातला. तो चेंडू अडवतो, मान वर करतो, आणि पास निघतो तेव्हा पुढचा खेळाडू आधीच पळत सुटलेला असतो. असा मेळ एका मोसमात बसत नाही.

तो क्लबही टिकला नाही. २०१५ मध्ये त्याने आय-लीगमधून अंग काढून घेतलं, अकादमी पुढे एफसी पुणे सिटीकडे गेली. आणि एफसी पुणे सिटीचं काय झालं, ते पायरी न सोडता बघा. बाकावरची माणसं बदलत राहतात. कोलोम्बा, प्लॅट, हबास, पोपोविच, पोर्तुगाल, मध्ये हंगामी म्हणून प्रद्युम रेड्डी, मग फिल ब्राउन. पाच मोसमांत सात चेहरे. २०१७-१८ मध्ये पोपोविचने संघाला पहिल्यांदा उपांत्य फेरीत नेलं. मार्च २०१८ मध्ये बंगळुरूत सुनील छेत्रीच्या तीन गोलांनी ती वाट संपवली, आणि पुढच्या मोसमाला पोपोविचही नव्हता. त्याच्या जागी आलेला पोर्तुगाल तीन सामन्यांत गेला. २०१९ मध्ये क्लबच गेला, त्याची जागा हैदराबादने घेतली.

म्हणून मला असं ठामपणे वाटतं, की पुण्याने प्लॅटची परीक्षा घेतलीच नाही. दोन महिन्यांत प्रशिक्षक पारखता येत नाही, फक्त निकाल मोजता येतात. प्लॅट चांगला प्रशिक्षक होता असा माझा दावा नाही. जेनोवा आणि नॉटिंगहॅमचा अनुभव त्याच्या विरुद्धच बोलतो, आणि वय झालेल्या नावांवर भरवसा टाकायची जुनी चूक त्याच्या संघाने इथेही केली. पण त्याला चूक सुधारायला दुसरा मोसम मिळाला नाही. पोपोविचला तर चांगलं काम करूनही मिळाला नाही.

अरता इझुमी नंतर प्रशिक्षक झाला. नवी मुंबईत रिलायन्स फाउंडेशन यंग चॅम्प्स अकादमीच्या मुलांना तो शिकवू लागला. तिथे उद्याच्या निकालापेक्षा पोराची पुढची काही वर्षं महत्त्वाची धरली जातात.

२०१९ नंतर पुण्याचा एकही संघ इंडियन सुपर लीगमध्ये खेळलेला नाही. उद्या कुणी पुन्हा क्लब काढला आणि तुम्ही बालेवाडीच्या त्या पायऱ्यांवर जाऊन बसलात, तर मालकांकडे आधी मोठं नाव मागू नका. प्रशिक्षकाला किमान तीन मोसम मागा, आणि पहिल्या मोसमात संघ सातवा आला तरी पुढच्या वर्षीचं तिकीट काढा.