नसलेल्या हाताचं दुखणं

कापलेला हात दुखतो असं कुणी सांगितलं, तर आपण आधी त्याच्या डोक्यावर शंका घेतो. या दुखण्याचा इतिहास बऱ्याच अंशी त्या शंकेचाच इतिहास आहे.

सोळाव्या शतकात फ्रेंच सैन्यातला सर्जन आंब्र्वाज पारे याने ही तक्रार नोंदवून ठेवली होती. पुढे अमेरिकेच्या यादवी युद्धात हजारो सैनिकांचे हातपाय कापावे लागले. अशा जखमींवर उपचार करणाऱ्या सायलस वेअर मिचेलने १८६६ मध्ये या अनुभवावर लिहिलं, पण गोष्ट म्हणून आणि स्वतःचं नाव न देता. वाचकांना ती खरीच वाटली. काहींनी तिच्या नायकासाठी पैसेही पाठवले. स्वतःच्या नावाने त्याने ‘फँटम लिंब’ हा शब्द वापरला तो १८७१ मध्ये.

आमच्या उरवड्यातल्या एका काकांचा हात कारखान्यात प्रेसखाली गेला. कोपराच्या खाली काही नाही, तरी मूठ आवळलेली राहते आणि नखं तळव्यात रुततात, असं ते सांगतात. घरच्यांना वाटलं, धक्क्याने भ्रम झालाय.

भ्रम नव्हे. मेंदूत शरीराचा नकाशा असतो. हात गेला तरी नकाशातली हाताची जागा पुसली जात नाही. आमच्या भाषेत सांगायचं तर मशीन काढून नेलं, पण सिस्टिममधली नोंद तशीच राहिली.

पुण्यात वानवडीला लष्कराचं कृत्रिम अवयव केंद्र १९४४ पासून आहे. कृत्रिम पायाने माणूस चालायला लागतो, पण नसलेला पाय दुखायचा थांबेलच असं नाही. त्यावर तमिळनाडूत जन्मलेल्या व्ही. एस. रामचंद्रन यांनी १९९०च्या दशकात साधा आरसा वापरला. शाबूत हाताचं प्रतिबिंब नसलेल्या हाताच्या जागी दिसेल असा आरसा उभा करायचा आणि दोन्ही मुठी एकदम उघडायच्या. डोळ्यांना मूठ उघडलेली दिसते, आणि काहींची आवळलेली मूठ खरंच सैल होते.

अमेरिकी सैनिकांवरची एक चाचणी २००७ मध्ये प्रसिद्ध झाली. चार आठवडे आरसा वापरलेल्या सहाही जणांचं दुखणं कमी झालं. चाचणी लहान होती, आणि नंतरचे सगळेच निकाल इतके चांगले आलेले नाहीत. नसांच्या दुखण्यावरची औषधंही काहींनाच लागू पडतात.

पण आरसा असो की गोळी, डॉक्टरकडे जाण्याआधी घरात कुणाला तरी ‘दुखतंय’ हे सांगता यायला हवं. मिचेलला त्यासाठी गोष्टीचा आडोसा घ्यावा लागला. काकांना तो लागू नये.