मनुष्यवध, पण खून नव्हे

एका माणसाच्या हातून दुसऱ्याचा जीव गेला आहे. गोळी कोणी झाडली याविषयी वाद नाही. झाडणारा ते नाकारीतही नाही. त्याचे म्हणणे एवढेच की, 'मी मारले नसते, तर मीच मेलो असतो.' हे म्हणणे न्यायासनापुढे कितपत टिकावे, हा प्रश्न फार जुना आहे आणि त्याचे उत्तर काळानुसार पालटत आलेले आहे.

आपल्या धर्मशास्त्राने अशा हल्लेखोराला 'आततायी' म्हटले. आग लावणारा, विष घालणारा, शस्त्र उगारून येणारा, धन लुटणारा, शेत बळकावणारा आणि परस्त्रीला पळविणारा, असे सहा आततायी सांगितले आहेत. आततायी हा गुरू असो, वृद्ध असो वा विद्वान ब्राह्मण असो, त्याला मारताना विचार करीत बसू नये, असे मनुस्मृतीचे सांगणे. ते अक्षरशः घ्यावे की काय, यावर टीकाकारांनी पुढे पुष्कळ खल केला. मोशेच्या नियमशास्त्राने यात सूर्याला साक्षीस घेतले. रात्री घर फोडताना सापडलेला चोर मारला गेला, तर रक्तपाताचा दोष नाही. सूर्य उगवल्यावर मारला गेला, तर दोष आहे. अंधारात समोरचा माणूस नुसता चोर आहे की जिवावर उठलेला वैरी आहे, हे घरधन्याला कळावे कसे? हाच विचार त्यामागे असावा.

इंग्लंडचा जुना कायदा याहून कठोर होता. १२७८ च्या ग्लॉस्टरच्या कायद्याने, स्वसंरक्षणार्थ मारणाऱ्यालाही राजाकडून क्षमा मिळवावी लागे, आणि क्षमा मिळाली तरी त्याची चीजवस्तू सरकारजमा होई. अकस्मात उद्भवलेल्या भांडणात तर, पाठ भिंतीला लागेपर्यंत आपण मागे हटलो होतो, असे त्याला दाखवावे लागे. दरोडेखोर व घरफोड्या यांना मारणाऱ्यांची या जप्तीतून सुटका १५३२ मध्ये झाली; बाकीच्यांना मात्र १८२८ पर्यंत वाट पाहावी लागली.

त्यानंतर नऊच वर्षांनी, १८३७ मध्ये, मेकॉले व त्याचे सहकारी यांनी हिंदुस्थानसाठी दंडसंहितेचा मसुदा सादर केला. त्यांनी मागे हटण्याची ही अट घातली नाही. येथील लोक दरोडेखोरांच्या टोळ्यांपुढे फार मुकाट्याने मान तुकवितात. त्यांच्या अंगी प्रतिकाराची धमक यावी, म्हणून हा हक्क सढळ हाताने द्यावा, अशी त्यांची भूमिका होती. पुढे १८७८ च्या शस्त्रकायद्याने याच राजवटीने लोकांच्या हातांतील हत्यारांवर परवान्याचे कुलूप घातले, ही गोष्ट निराळी! संहिता १८६० मध्ये संमत झाली आणि १ जानेवारी १८६२ पासून अमलात आली. ते पाहावयास मेकॉले हयात नव्हता.

या संहितेची ९६ ते १०६ ही कलमे या हक्काविषयीची. हक्क केवळ स्वतःच्या देहापुरता नाही. दुसऱ्याचा देह, तसेच स्वतःची वा परक्याची मालमत्ता यांच्या रक्षणासाठीही तो आहे. परंतु सरकारी अधिकाऱ्यांकडे धाव घेण्यास अवसर असेल, तर तो नाही. आणि बचावास आवश्यक तेवढ्यापेक्षा अधिक इजा करण्याची मुभाही नाही. प्राण घेण्यापर्यंतचा हक्क मोजक्याच प्रसंगी मिळतो.

कागदावर हे स्पष्ट दिसते. प्रसंग ओढवला म्हणजे काय होते, ते कटनीच्या एका खटल्यात दिसले. ५ मार्च १९५० रोजी त्या गावात सिंधी निर्वासित व स्थानिक मुसलमान यांच्यात दंगल उसळली. फाळणीच्या जखमा तेव्हा ओल्याच होत्या. एका मुसलमान दुकानदाराच्या भावाचे दुकान त्याच इमारतीत होते. ते जमावाने फोडून लुटले. मग याच्या दारावर लाठ्या बसू लागल्या. त्याने बंदुकीचे दोन बार काढले; एक जण ठार झाला, तिघे जखमी झाले. कटनी तेव्हा नागपूर उच्च न्यायालयाच्या अधिकारक्षेत्रात होती. त्या न्यायालयाचे मत असे पडले की, आरोपीच्या स्वतःच्या दुकानाची लूट सुरूच झालेली नव्हती, तेव्हा हक्क उत्पन्नच झाला नाही. दोन भावांच्या दुकानांमधली भिंत न्यायाच्या दृष्टीने एवढी जाड ठरली!

१९५२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्याची मुक्तता केली. निकालपत्र न्यायमूर्ती व्हिव्हियन बोस यांचे. सर्वोच्च न्यायालयात येण्यापूर्वी नागपूरचे मुख्य न्यायमूर्ती तेच होते. शेजारचे दुकान लुटून जमाव आपल्या दारावर लाठ्या हाणीत असता, दार मोडून माणसे आत शिरेपर्यंत कोणी स्वस्थ बसावे, असे कायदा म्हणत नाही. आणि त्या घटकेचा हिशेब सोनाराच्या काट्यावर करावयाचा नसतो, असा त्या निकालाचा आशय. दहा वर्षांनी एका पंजाबी माणसाने असे बार काढले असते, तर हाच न्याय लागला असता, असे मात्र समजू नये. १९६२ मध्ये न्यायमूर्ती गजेंद्रगडकर यांच्यापुढे पंजाबातील शेताच्या ताब्यावरून झालेल्या हत्यांचे अपील आले. प्रतिपक्ष पळू लागल्यावरही गोळ्या झाडण्यात आल्या होत्या. भीती सरली की हक्कही सरतो. पळत्याला मारणे हा बचाव नव्हे, असे न्यायालयाने ठरविले. कटनीचा दुकानदार सुटला तो दारापलीकडे जमाव उभा होता म्हणून.

शुद्ध हेतूने, पण मर्यादा ओलांडून मारले, तर तो खून ठरत नाही, सदोष मनुष्यवध ठरतो. फाशी टळते, शिक्षा टळत नाही. हक्क दाखवून देण्याची जबाबदारी पुराव्याच्या कायद्याने आरोपीवरच टाकली आहे. मात्र आरोपीने तसा बचाव मांडला नसला, तरी पुराव्यावरून तो दिसत असेल, तर न्यायालयाने तो विचारात घ्यावा, असे सर्वोच्च न्यायालयाने १९६७ मध्ये म्हटले. शंभराव्या कलमात २०१३ मध्ये एका प्रसंगाची भर पडली : ॲसिडहल्ला.

१ जुलै २०२४ पासून जुन्या संहितेची जागा भारतीय न्याय संहितेने घेतली. ही कलमे तेथे ३४ ते ४४ या क्रमांकांखाली आहेत, आणि त्यांचा गाभा बहुतेक तोच आहे. मालमत्तेच्या रक्षणासाठी प्राण घेण्याच्या प्रसंगांत जुन्या संहितेत 'रात्रीची घरफोडी' होती. नव्या संहितेत 'सूर्यास्तानंतर व सूर्योदयापूर्वी' केलेली घरफोडी, असे शब्द आले आहेत.